कांतिक्षयाची वही घेऊन मुंबईत चार दिवस

गेली तीन वर्षे मी एक अद्भुत कादंबरी लिहीत आहे. तिच्यातल्या ओलवण नावाच्या नगरात वर्षाचे नऊ महिने पाऊस पडतो आणि तिथल्या पंडितांनी सौंदर्याचे एक शास्त्र बसवले आहे. त्याला ते कांतिक्षयाचा सिद्धांत म्हणतात. त्यांच्या मते सौंदर्य हा वस्तूचा गुण नाही. वस्तू झिजताना तिच्यातून जे तेज सुटते, ते आपल्याला सौंदर्य म्हणून दिसते. मेण जळते म्हणून उजेड पडतो, तसेच हे. सिद्धांताचे नियम तीन. जे झिजत नाही ते सुंदर नसते, म्हणून ओलवणात सोन्याचे पन्हाळ करतात आणि नवरीच्या अंगावर मात्र पानाफुलांचेच दागिने घालतात. दुसरा नियम असा की कांती क्षयाच्या वेगावर ठरते, झालेल्या झिजेवर नाही. तिसरा असा की एका वस्तूची कांती संपली तरी ती नाहीशी होत नाही, शेजारच्या वस्तूत उतरते. भिंत खचते तेव्हा तिच्यावरचे शेवाळ उजळते. कांती मोजायला तिथले लोक निळीत बुडवलेला सुती दोरा वापरतात. वस्तू जितकी सुंदर, तितका दोरा लवकर विटतो.

कागदावर हे सगळे छान जमले होते. पण मी पोटापाण्यासाठी रसायनशास्त्र शिकवते, त्यामुळे नियम लिहिला की तो कुठेतरी तपासून पाहिल्याशिवाय चैन पडत नाही, आणि नाशिकच्या कोरड्या हवेत वस्तू फारच सावकाश झिजतात. खारी हवा, जुनी घरे, चिखल, फुलबाजार आणि दीड हजार वर्षांपूर्वीची शिल्पे असे सगळे एका ठिकाणी हवे असेल तर मुंबईच गाठायला हवी. गिरगावात माझी आत्या राहते, त्यामुळे मुक्कामाचा प्रश्न नव्हता. मार्चच्या पहिल्या आठवड्यात चार दिवसांची रजा टाकली आणि एक दोनशे पानी वही घेतली. तिच्यात रकाने आखले: वस्तू, कशाने झिजते, किती वेगाने, आणि दहापैकी गुण.

पहिला दिवस, गुरुवार: काळा घोडा आणि गिरगाव

पंचवटी एक्सप्रेसने सीएसएमटीला उतरले आणि सामान पाठीवर घेऊनच काळा घोडा गाठला. वहीतली पहिली नोंद ओतीव लोखंडाची व्हावी, असे निघतानाच ठरवले होते. जहांगीर कलादालनाच्या समोरच्या ओळीत एस्प्लनेड मॅन्शन, म्हणजे पूर्वीचे वॉटसन हॉटेल, उभे आहे. त्याचा सांगाडा इंग्लंडात ओतून, सुटे भाग जहाजाने आणून १८६७ ते १८६९ या काळात इथे जोडला गेला. ल्युमिएर बंधूंच्या हलत्या चित्रांचा भारतातला पहिला खेळ ७ जुलै १८९६ रोजी याच इमारतीत झाला. (त्या काळच्या फिल्मचे नायट्रेट आपले आपणच विघटन पावते, हे आठवले आणि दुसऱ्या नियमाला चांगला साक्षीदार मिळाला म्हणून मी उगाचच खूश झाले.) २००५ मध्ये इमारतीचा काही भाग कोसळला, २०१९ मध्ये ती रिकामी करण्यात आली. समोरच्या पदपथावरून पाहिले तर लोखंडी खांबांची सडपातळ ओळ अजून डौलदार वाटते, आणि गंजाचे ओघळ खालच्या भिंतीवर असे उतरले आहेत की कुणी चहा सांडत सांडत वर गेले असावे.

कलादालनाबाहेर चित्रे मांडून बसलेल्या एका चित्रकाराकडे मी बराच वेळ रेंगाळले. त्याच्याकडची निम्मी चित्रे जुन्या मुंबईची होती आणि सगळ्यांत पडके गवाक्ष, उखडलेला गिलावा, झुकलेली गॅलरी ठरलेली. मी कारण विचारले.

"ताई, धडधाकट इमारत कोण घेतंय? मागे एकदा नवा टॉवर काढला होता, आरशासारखा. सहा महिने उन्हात पडून राहिला. पडकी असली की हातोहात खपते."

ओलवणाच्या पंडितांना याहून चांगला पुरावा कुठून मिळणार होता? मी लोखंडाला आठ गुण दिले.

या भागात फिरायचे तर सकाळी लवकर जावे. मार्चमध्येही अकरानंतर ऊन डोक्यावर येते, आणि दगडी कमानींच्या सावलीतून चालले तरच फिरणे सुसह्य होते. वॉटसनची इमारत फक्त बाहेरून पाहता येते, तेव्हा समोरच्या बाजूने पाहणेच चांगले.

दीडच्या सुमारास गिरगावात पोहोचले. आत्याने सुक्या बोंबलांचे वांगे घालून कालवण केले होते, सोबत तांदळाची भाकरी. जेवताना मला जाणवले की माझ्या सिद्धांतात सुक्या बोंबलाला जागाच नाही. ओला बोंबील म्हणजे नुसते पाणी, काही तासांत हातचा जाणारा मासा. पण उन्हात दांडीवर टांगला की तोच महिनोन्‌महिने टिकतो. म्हणजे त्याचा क्षय थांबवलेला असतो, आणि तरीही त्या कालवणाला मी दहापैकी दहा दिले असते. वहीत बोंबलापुढे प्रश्नचिन्ह टाकले.

आत्याची चाळ शंभरीच्या पुढची आहे. लाकडी तुळया, लाकडी जिना, तिसऱ्या मजल्यावर लांबलचक गॅलरी. गेल्या खेपेला आले होते तेव्हा गॅलरीत टेकू नव्हते, आता पाच आहेत. आत्याच्या दारासमोरचा टेकू म्हणजे अख्खा संसार झाला आहे. त्याला दोन खिळे ठोकून छत्री आणि पिशवी अडकवली आहे, खाली मनीप्लांटची बरणी ठेवून वेल वर चढवली आहे, आणि बुडाशी ठोकलेली पाचर येता-जाता पाय लागून गुळगुळीत झाली आहे. आत भिंतीवर रंगाचे पोपडे सुटले आहेत. वरचा पिवळा, त्याखाली आकाशी, त्याखाली पोपटी, सगळ्यांत तळाशी चुन्याचा पांढरा. खिडकीतून दुपारचा उजेड तिरपा आला तेव्हा त्या पोपड्यांच्या कडा अशा चमकल्या की मी जेवणाच्या हातानेच वही ओढली आणि भिंतीला नऊ गुण दिले.

संध्याकाळी दादा, म्हणजे आत्याचा मुलगा, कामावरून आला. तो स्थापत्य अभियंता आहे आणि जुन्या इमारतींची तपासणी करणे हाच त्याचा धंदा. त्याने पिशवीतून छोटा हातोडा काढला आणि मोरीच्या कोपऱ्यातल्या स्लॅबवर ठकठक करून दाखवले. एके ठिकाणी टणक आवाज आला आणि वीतभर अंतरावर भोपळ्यावर टिचकी मारावी तसा.

"इथे आतली सळई गंजलीय," तो म्हणाला. "गंज मूळ लोखंडापेक्षा दुपटीहून जास्त जागा घेतो, मग काँक्रीटला फोडूनच बाहेर येतो. तुझं पुस्तकातलं रसायन, पण इथे डोक्यावर पडतं."

वर्गात मी हे अनेकदा सांगितले आहे. तांब्यावर चढणारा हिरवट थर आतल्या तांब्याला राखतो; लोखंडाचा गंज मात्र सुटून पडतो आणि खालचे कोरे लोखंड पुन्हा हवेच्या तोंडी जाते. स्वतःला थांबवणारा क्षय आणि न थांबणारा क्षय, असे दोन प्रकार ओलवणातही असायला हवेत, हे मात्र मला त्या हातोड्याच्या आवाजाने सुचले.

झोपताना आत्याने वही मागून घेतली आणि चष्मा लावून वाचली.

"नऊ? माझ्या भिंतीला?"

"अगं आत्या, ते रंग बघ ना कसे..."

"बघत्येच की, चाळीस वर्षं बघत्येय. मला एक सांग, त्या तुझ्या गावातले पंडित राहतात का अशा घरात? की राहणारे वेगळे आणि दोरा घेऊन बघायला येणारे वेगळे?"

मला उत्तर सुचले नाही. कादंबरीत पंडितांची घरे कुठे आहेत, हे मी तीन वर्षांत एकदाही लिहिलेले नव्हते.

दुसरा दिवस, शुक्रवार: दादर आणि शिवडी

पहाटे पाचला दादरच्या फूलबाजारात होते. स्थानकाच्या पश्चिमेला उतरले की पत्ता विचारायची गरज नाही. वास आणि ओले पाय तुम्हाला नेतात. झेंडूचे ढीग, शेवंती, निशिगंध, गुलाबाच्या जुड्या, आणि सगळ्यांच्या पायाखाली चुरगळलेला पाकळ्यांचा काळपट चिखल. ओलवणात नेमका असाच एक बाजार आहे, तिथे फुलांचा भाव ती कोमेजण्याच्या वेगावर ठरतो. इथे मोगरेवालीने माझा हिशेब पहिल्याच वाक्यात उलटा केला.

ओल्या गोणपाटावर ती मोगऱ्याच्या कळ्या पसरून बसली होती. एकही फूल उमललेले नव्हते. मी उमललेला मोगरा मागितला तेव्हा ती हसली.

"उमललेला घेऊन काय करणार ताई? त्याचं आयुष्य माझ्याकडेच संपलं ना. कळी घ्या, संध्याकाळी तुमच्या केसात फुलेल."

दर पाच मिनिटांनी ती पाण्याचा हबका मारत होती, वर ओले फडके टाकत होती. तिचा सगळा धंदा क्षय संध्याकाळपर्यंत ढकलण्याचा. वेगावर भाव ठरवणारे माझे पंडित तिच्यापुढे अगदीच कच्चे ठरले असते.

मोगऱ्याच्या वासात इंडोल नावाचे एक संयुग असते. हेच इंडोल विष्ठेतही असते आणि कुजण्याच्या क्रियेत तयार होते. फार असले तर नाक धरावे लागते, नखभर असले तर तोच वास फुलाला खोली देतो. अत्तरवाले हे पूर्वापार जाणतात. कळ्यांची पुडी नाकाशी धरून मी तो कुजका धागा शोधत राहिले आणि सापडल्यासारखा वाटलाही. माझ्या सिद्धांताच्या बाजूने जगात काही अस्सल असेल तर ते हे.

बाजारात जायचे तर साडेसहाच्या आत जावे आणि जुन्या चपला घालाव्यात. सुट्टे पैसे ठेवावेत, पाठीवरची पिशवी पुढे घ्यावी. परतताना स्थानकाबाहेर गरम उपमा आणि चहा मिळतो. तो उभ्याने खाण्यातच मजा आहे.

दुपारी शिवडी. हार्बर मार्गावरच्या शिवडी स्थानकातून धक्क्याकडे जाणारा रस्ता ट्रक, धूळ आणि ऑइलच्या डागांचा आहे, आणि शेवटी एकदम खाडी उघडते. भरतीचे पाणी वर चढू लागले होते. चिखलातून सडक्या अंड्याचा वास येत होता. प्राणवायू नसलेल्या चिखलात जीवाणू हायड्रोजन सल्फाइड सोडतात त्याचा. आणि त्या वासाच्या मधोमध, दूरवर, फ्लेमिंगोंची गुलाबी रेघ होती.

या पक्ष्यांना आपण रोहित म्हणतो. पिल्लू जन्मते ते करड्या रंगाचे. शेवाळातून आणि बारीक कवचधारी जीवांतून पोटात जाणारी कॅरोटिनॉइड रंगद्रव्ये पिसांत उतरतात तेव्हा ते गुलाबी होते. शहराचे सांडपाणी खाडीत जाते, त्यातल्या पोषकद्रव्यांवर शेवाळ माजते, आणि त्या शेवाळावर हे पक्षी जगतात. एकाची कांती दुसऱ्यात उतरते हा माझा तिसरा नियम डोळ्यांसमोर चोच बुडवून चालत होता. मी दहा गुण लिहिले आणि मग त्यापुढे, काल आत्याने विचारले होते म्हणून, आणखी एक रकाना आखला: खाली कोण. शिवडीपुढे त्यात लिहिले: धक्क्यावर राहणारे. दहा मिनिटांत माझे डोके दुखू लागले होते आणि तिथे एक मुलगी पुस्तक मांडीवर घेऊन अभ्यास करत बसली होती. पक्ष्यांकडे तिने एकदाही पाहिले नाही.

शिवडीहून निघणारा अटल सेतू जानेवारी २०२४ मध्ये सुरू झाला. पक्षी आता ठाणे खाडीत ऐरोलीच्या बाजूलाही पुष्कळ दिसतात, आणि तिथून बोटीनेही पाहता येतात. कुठेही जा, पण आधी भरतीची वेळ पाहून जा. पाणी चढत असताना पक्षी किनाऱ्याकडे सरकतात. ओहोटीला गेलात तर दुर्बिणीतूनही गुलाबी ठिपकेच दिसतील.

तिसरा दिवस, शनिवार: घारापुरी

शनिवारी घारापुरीला जाऊ नये, हे मी जाऊन आल्यावर सांगते. गेटवेहून सकाळी नऊच्या सुमारास बोटी सुटू लागतात आणि तासाभरात बेटावर पोहोचवतात. मंगळवार ते शुक्रवार जावे, सोमवारी लेणी बंद असतात. सुमारे १२० पायऱ्या आहेत. वाटेत दोन्ही बाजूंना दुकाने आणि माकडे. काकडी हातात घेऊन चालण्याचा धीर मी केला आणि दुसऱ्याच वळणावर ती गमावली.

दख्खनच्या काळ्या कातळात, साधारण सहाव्या शतकात कोरलेले हे लेणे. माझ्या दुसऱ्या नियमाप्रमाणे इथे कांती जवळजवळ शून्य असायला हवी होती. पाणी मुरते, खार फुटतो, खांबांचे बुंधे सुटतात, पण हे सगळे इतक्या संथ गतीने की ओलवणातला दोरा माणसाच्या जन्मात विटणार नाही. आणि तरीही त्या अंधारातल्या सदाशिवापुढे मी जी उभी राहिले ती आजूबाजूची माणसे दोनदा बदलली तरी हलले नाही. सुमारे १८ फूट उंचीचे तीन मुखांचे ते शिल्प आहे. मध्ये शांत तत्पुरुष. आपल्या डाव्या हाताला अघोर, भुवया चढलेला, मिशा असलेला, हातात साप. उजव्या हाताला वामदेव, कोवळा, हातात कमळ. मोडणारा आणि नटवणारा एकाच मानेवर बसवून कारागीर मोकळे झाले होते. मला त्यासाठी तीन नियम आणि एक निळा दोरा लागला.

अडचण त्याच लेण्यातल्या नटराजाने केली. त्याचे पाय गेले आहेत, बरेचसे हात गेले आहेत. ही झीज वाऱ्यापावसाची नाही. पोर्तुगीज काळात माणसांच्या हातून इथली शिल्पे फुटली. मग याला क्षय म्हणायचे की नाही? वेग काढायचा तर कशाने भागायचे, क्षणाने की शतकांनी? मी तिथेच दगडावर बसले आणि नसलेल्या पायाची जागा पाहत राहिले. थोड्या वेळाने लक्षात आले की पाय मला दिसतो आहे. कमरेची कलती रेघ तुटलेल्या जागेपर्यंत इतक्या ठामपणे येते की पुढचे काम डोळा आपसूक करतो. मोगऱ्यावरचे ओले फडके, गॅलरीतला टेकू, उन्हातला बोंबील आणि हा डोळा, सगळ्यांचे काम एकच होते: पडू पाहणारे धरून ठेवणे. मी दुसरा नियम खोडला आणि खाली लिहिले: क्षय आणि आधार यांची ओढाताण चालू असेपर्यंतच कांती असते. आधार सुटला की उरतो तो नुसता ढिगारा. काही खांब मुळातून गेले होते, ते पुढे नव्याने बांधून काढले आहेत, हेही मला त्या दिवशी पहिल्यांदाच नीट दिसले. एरवी अशा दुरुस्तीकडे मी नाक मुरडून पाहत असे.

बाहेर चिंचा आणि कैरीच्या फोडी विकणाऱ्या मावशी बेटावरच्याच होत्या. समुद्राखालून केबल टाकून २०१८ मध्ये बेटावर वीज आली, त्याआधी संध्याकाळी काही तास जनरेटर चाले.

"आता फ्रीज हाय," त्या म्हणाल्या, "पन कैरी मी अजून फडक्यातच ठेवते. सवय."

कैरीवर मीठमसाला टाकताना त्यांनी माझ्या वहीकडे पाहून विचारले, "पुरातत्त्वच्या का तुमी?" नाही म्हटल्यावर कैरीची एक फोड जास्त मिळाली.

चौथा दिवस, रविवार: राणीची बाग

सकाळी आत्याने शिळ्या पोळ्यांचा कुस्करा केला, वर खोबरे-कोथिंबीर. मी नव्या नियमाच्या नादात तिला सांगू लागले की फोडणी हा शिळेपणाला दिलेला टेकूच आहे. तिने माझ्या ताटलीत आणखी एक डाव वाढला, म्हणजे मी गप्प बसेन.

परतीची गाडी संध्याकाळची होती, म्हणून आम्ही दोघी भायखळ्याला राणीच्या बागेत गेलो. आत्या वीसेक वर्षांनी तिथे येत होती. मला पेंग्विन नको होते, हत्ती हवा होता, तोही दगडी. घारापुरीला एलिफंटा हे नाव पोर्तुगीजांनी ज्या हत्तीवरून दिले, तो आता भाऊ दाजी लाड संग्रहालयाच्या आवारात उभा आहे. १८६४ मध्ये इंग्रजांनी तो विलायतेला न्यायचा घाट घातला, उचलताना तो पडला आणि त्याचे तुकडे झाले. ते तुकडे इथे आणून १९१४ मध्ये जोडले. (बाग आणि संग्रहालय दोन्ही बुधवारी बंद असतात. भायखळा स्थानकाच्या पूर्वेकडून दहा मिनिटांत चालत पोहोचता येते.)

हत्ती फार देखणा नाही. अंग सुजल्यासारखे आहे, चेहरा पुसट. पण जवळ गेले की पाठीवरून, पोटावरून फिरणारे सांधे दिसतात. आत्या त्याच्याभोवती एक फेरी मारून आली आणि तिने एका सांध्याकडे बोट दाखवले.

"ह्याला बघ, नीट बसवलंय. आमच्या जिन्याला केलं तेव्हा एवढी मेहनत नव्हती घेतली."

बाकावर बसून मी हत्तीला गुण द्यायला वही उघडली. 'खाली कोण' या रकान्यात हत्तीपुढे काय लिहायचे याचा विचार करत होते, तेवढ्यात आत्याने पेन्सिल मागितली. तिने मागची पाने उलटून गुरुवारचे पान काढले. स्वतःच्या भिंतीपुढचे माझे नऊ तिने खोडले नाहीत, कंस करून ठेवले. कोऱ्या राहिलेल्या शेवटच्या रकान्यात बारीक अक्षरात 'मी' लिहिले. आणि त्यापुढे, समासात: 'हे मार्चचे गुण. जुलैत येऊन परत मोज. बादल्या तीन लागतात.'

जुलैतल्या दुसऱ्या शनिवारी पुन्हा यायचे, हे मी गाडीतच ठरवून टाकले. त्या दिवसांत समुद्र खवळला की घारापुरीच्या बोटी बंद ठेवतात, पण मला या खेपेस गिरगावच्या पुढे जायचे नाही. कादंबरीत ओलवणाच्या पंडितांना आता घरे दिली आहेत. तिसऱ्या मजल्यावर, लाकडी गॅलरीत.